एका सभासदाचा गट

बेलोजमध्ये दर सोमवारी दुकान उघडण्याआधी बैठक व्हायची, आणि बैठकीचा पहिला अर्धा तास चहात जायचा. हेस्टर अ‍ॅक्रॉइडला दोन वर्षांत त्याची सवय झाली होती. त्या अर्ध्या तासात ती कार्यक्रमपत्रिका पुन्हा वाचून काढी. बाकी तिघांनी ती एकदाही वाचलेली नसे, तेव्हा सरासरी बरी पडे.

बेलोज हे शेफिल्डमधलं पुस्तकांचं दुकान. चळवळीची, कामगारांची, बायकांच्या हक्कांची, तुरुंगातून लिहिलेली, छापखान्याच्या तळघरात छापलेली पुस्तकं तिथे मिळत. दुकानाला मालक नव्हता; काम करणारे चौघंच मालक, आणि निर्णय एकमताने. ठराव पसंत असेल तर दोन्ही हात वर करून बोटं हलवायची. अजिबात मान्य नसेल तर मूठ वर करायची. एक मूठ पुरे. ठराव तिथेच पडायचा. ही मूठ फार जपून वापरायची असा संकेत होता. शेवटची वर गेली होती ती बारा वर्षांपूर्वी, दुकानात मांजर पाळण्यावरून.

त्या सोमवारी ठराव हेस्टरचा होता. चार पानं, दोन परिशिष्टं.

त्यामागची गोष्ट अशी. पंधरा दिवसांपूर्वी ट्रॅम चालवणारी एक बाई गणवेशातच दुकानात आली होती. पन्नाशीची असेल. इकडे तिकडे बघून तिने हलक्या आवाजात विचारलं की ऑटिझमवर, म्हणजे मोठ्या माणसांसाठी, काही आहे का. हेस्टरने तिला जिना दाखवला, कारण ती पुस्तकं तळघरात होती. 'आरोग्य आणि पालकत्व' या पाटीखाली, बाळाचे दात आणि आतडी साफ करणारा आहार यांच्या मधोमध. चार मिनिटांनी बाई रिकाम्या हाताने वर आली. "खाली सगळं आयांसाठी आहे," एवढंच म्हणाली आणि गेली.

हेस्टरला स्वतःला आपण ऑटिस्टिक आहोत हे एकोणपन्नासाव्या वर्षी कळलं होतं. त्याआधी सव्वीस वर्षं तिने पाणीपुरवठ्याच्या प्रयोगशाळेत काचेच्या बशांमधल्या जिवाणूंच्या वसाहती मोजल्या होत्या, आणि लोक जेवायच्या सुट्टीत एकमेकांशी नेमकं काय बोलतात याचं कोडं तिला सव्वीस वर्षं सुटलं नव्हतं. ते सुटलं ते पुस्तकांमुळे. ऑटिस्टिक माणसांनीच लिहिलेली पुस्तकं. त्यांत इलाज नव्हते, आईबापांचे हुंदके नव्हते. त्यांत प्रश्न होते. माणूस 'ठीक' आहे हे कोण ठरवतं? कोणाच्या सोयीसाठी? हे प्रश्न तळघरात ठेवायचे नव्हते. ते वर, दाराजवळ, राजकीय विचारांच्या कपाटात हवे होते. आणि हेस्टरने मनाशी ठरवलं होतं की ठराव पडला तर दुकानाची किल्ली परत करायची. धमकी म्हणून नव्हे. आणखी एका माणसाला त्या जिन्याने खाली पाठवणं तिला जमणार नव्हतं, एवढंच.

हे तिने कोणाला सांगितलं नव्हतं. ठरावात त्यासाठी रकाना नव्हता.

"परिशिष्ट ब मधला तक्ता मी फ्रेम करून घरी लावणार आहे," कायोडे म्हणाला. तो हिशेब आणि पुस्तकांच्या मागण्या बघायचा, आणि हेस्टरच्या तक्त्यांवर त्याचं मनापासून प्रेम होतं. त्याने हात वर करून बोटं हलवली. पंचविशीतल्या जोरीनेही हलवली. जोरी कॉर्नवॉलकडची, कुठल्याही सत्तेला न मानणारी, आणि खाली-वर ही मांडणीच तिला मुळात मंजूर नव्हती; पण वर आणायचं म्हटल्यावर ती खूश होती.

राहिली डिलिस प्रोबर्ट. एकाहत्तर वर्षांची, दुकानाच्या संस्थापकांपैकी आता एकटी उरलेली, वेल्समधून शेफिल्डच्या पोलाद कारखान्यांत चळवळ करायला आली ती इथलीच झालेली. हेस्टरचा ठराव डिलिसच्या पत्रकांचं कपाट अर्धं मागत होता.

ही पत्रकं म्हणजे गेल्या साठ वर्षांत डाव्या पक्षांमध्ये ज्या ज्या फुटी पडल्या त्यांचं साहित्य. कोणी कोणातून का बाहेर पडलं, बाहेर पडलेल्यांतून पुन्हा कोण बाहेर पडलं, आणि प्रत्येकाने मागे राहिलेल्यांना काय काय म्हटलं. एकूण सहाशे चाळीस नग.

"गेल्या अकरा वर्षांत तीन विकली गेली," हेस्टर म्हणाली. "त्यातली दोन तूच घेतलीस."

"पावती दाखव," डिलिस म्हणाली.

"परिशिष्ट अ."

डिलिसने परिशिष्ट बाजूला सारलं. मग ती बोलली ते तिच्या परीने शांतपणेच. राजकारण म्हणजे मालक कोण आणि राबतं कोण. कोणाचं डोकं कसं चालतं हा ज्याचा त्याचा मामला झाला, सहानुभूती आहे, पण तो लढा नव्हे. असंच धरलं तर उद्या पाठदुखीची पुस्तकंही वर आणावी लागतील, आणि तिची स्वतःची पाठ फार दुखते. एवढं बोलून तिने मूठ वर केली.

कायोडेने कप खाली ठेवला. जोरी हळूच म्हणाली, "झालं. मांजरानंतर आता हे."

"नियम नऊ," हेस्टर म्हणाली.

तिघांनी तिच्याकडे पाहिलं. दुकानाची नियमावली एक्केचाळीस पानांची होती. मीटरच्या पेटीवर एका खोक्यात ती पडून असे, आणि ती संपूर्ण वाचलेली जिवंत व्यक्ती एकच होती. हेस्टरने ती सोबत आणली होती. तिने वाचून दाखवलं: मूठ वर झाल्यास मूठ उगारणाऱ्याने आणि ठराव मांडणाऱ्याने एकमेकांनी दिलेलं साहित्य अठ्ठावीस दिवसांत वाचावं. त्यानंतरही मूठ कायम राहिली तर ती मान्य समजावी.

"हा कुठल्या शहाण्याने लिहिलाय?" डिलिसने विचारलं.

"तू. मार्च एक्क्याऐंशी. खाली सही आहे."

कायोडेला चहाचा ठसका लागला.

डिलिस काही हार खाणारी नव्हती. किती साहित्य द्यायचं याला मर्यादा आहे का, असं तिने विचारलं. नव्हती. मग ठीक, ती म्हणाली, ही घे सगळी पत्रकं. सहाशे चाळीस. दुसरी कोणी असती तर तिथेच हबकली असती, आणि डिलिसचा हिशेब तोच होता.

हेस्टरने पुन्हा एकदा विचारून घेतलं, सगळी का. सगळी, डिलिस म्हणाली. तेव्हा हेस्टरचे हात मांडीवरून आपोआप उठले आणि मनगटापासून फडफडू लागले. शाळेत हेच हात बाकावर दाबून धरायला एक बाई खास बसवलेली असे.

"हे ठरावाला संमतीचं हलवणं आहे का?" जोरीने विचारलं, कारण इतिवृत्त ती लिहीत होती.

"नाही. हा आनंद आहे."

जोरीने तसं लिहून घेतलं.

पुढचे अठ्ठावीस दिवस हेस्टरच्या आयुष्यातले सर्वांत सुखाचे गेले, असं ती नंतर सांगायची, आणि तिला अतिशयोक्ती जमत नसल्याने ते खरं मानायला हरकत नाही. रोज सकाळी साडेसहाला ती वनस्पती उद्यानाच्या फाटकाशी बाकावर बसून दहा पत्रकं वाची, दुपारी सँडविच खाताना आठ, आणि घरी जाऊन पाच. पहिल्या आठवड्यात तिच्या लक्षात आलं की हे सगळं तिच्या ओळखीचं आहे. एक वसाहत वाढते, ठराविक आकार झाला की फुटते, फुटलेला तुकडा स्वतःला मूळ समजतो. नावंसुद्धा जिवाणूंसारखीच लांबलचक. 'संयुक्त कामगार संघ', त्यातून 'संयुक्त कामगार संघ (पुनर्रचित)', त्यातून 'खरा पुनर्रचित'. तिने भिंतीला लावायच्या कोऱ्या कागदाची गुंडाळी विकत आणली आणि वंशवृक्ष काढायला घेतला. प्रत्येक फांदीवर तारीख, कारण आणि सभासदसंख्या. तिसऱ्या आठवड्यात कागद चार मीटर झाला आणि दिवाणखान्यातून स्वयंपाकघरात शिरला.

इकडे डिलिसला तिने सहाच पुस्तकं दिली होती. टपाल वाटणाऱ्या एका ऑटिस्टिक माणसाचं आत्मचरित्र होतं. वेड्यांच्या इस्पितळांचा इतिहास होता. न बोलणाऱ्या एका बाईने एकेक अक्षर टंकून लिहिलेले लेख होते. एक जाडजूड पुस्तक कारखाना, घड्याळ आणि 'सर्वसाधारण माणूस' या कल्पनेबद्दल होतं. डिलिस गल्ल्यामागे बसून हातात पेन्सिल घेऊन वाची. पहिला आठवडा तिच्या तोंडून फक्त हुंकार निघत. दुसऱ्या आठवड्यात तिने कायोडेला विचारलं की तुला दिव्यांचा आवाज ऐकू येतो का. तो म्हणाला दिव्यांना आवाज नसतो. "हेस्टरला येतो," डिलिस म्हणाली, "आणि ही दोन वर्षं त्याच्याखाली उभी आहे, आणि आपल्याला मालक वाईट दिसतात." दुसऱ्या दिवशी ती शिडीवर चढायला निघाली तेव्हा जोरीने तिच्या हातून नवा, आवाज न करणारा दिवा काढून घेतला आणि स्वतः बदलला.

मात्र मूठ कायम आहे का, हे विचारलं की डिलिस म्हणायची, "अठ्ठावीस म्हणजे अठ्ठावीस. मला घाई करू नकोस, पोरी." पोरी बावन्न वर्षांची होती.

एकोणतिसाव्या दिवशी, सोमवारी, हेस्टर कागदाची गुंडाळी घेऊन आली. टेबलं सरकवून ती जमिनीवर उलगडावी लागली. एक टोक दारापाशी, दुसरं प्रवासवर्णनांच्या कपाटाखाली. जोरी चपला काढून कागदाच्या कडेकडेने चालत गेली आणि मध्येमध्ये थांबून मोठ्याने हसली. मग डिलिसने गुडघे टेकले आणि बोटाने एकेक फांदी धरत पुढे सरकू लागली. या लोकांबरोबर तिने थंडीत कारखान्यांच्या फाटकांवर उभं राहून पेपर विकले होते. पन्नास वर्षांत ते सगळे एका कागदावर, एका खोलीत, भांडण न करता कधी जमले नव्हते.

"एकच आकडा राहिलाय," हेस्टर म्हणाली. तिने पेन्सिलीने एक फांदी दाखवली. "एकोणऐंशी, नोव्हेंबर. स्टॅनिफोर्थ गट. या गटाविरुद्ध बारा पानांचं पत्रक आहे, तूच लिहिलेलं. पण गटाचं स्वतःचं एकही पत्रक नाही. सभासद किती होते?"

डिलिसने चष्मा काढून पदराला पुसावा तसा स्वेटरला पुसला.

"एक," ती म्हणाली.

"एक हजार?" कायोडेने विचारलं.

"एक. क्लिफर्ड स्टॅनिफोर्थ."

मग तिने सांगितलं. क्लिफर्ड पोलाद कारखान्यात तयार मालाची मापं तपासायचा. बैठकीला कारखान्यातली कानझाकणं घालून यायचा आणि भिंतीकडे तोंड करून बसायचा. पण झालेलं सगळं बोलणं शब्दशः सांगू शकायचा. त्या नोव्हेंबरात त्या दोघांच्या संघाने, म्हणजे त्यांच्या तेव्हाच्या पक्षाने, मोर्चा काढला, आणि पत्रकात छापलं की हजारो कामगार रस्त्यावर उतरले. क्लिफर्डने मोजले होते. चारशे बारा. तो म्हणाला चारशे बारा छापा, चारशे बारा पुष्कळ आहेत. तीन बैठका तो तेवढंच म्हणत राहिला. शेवटी त्याच्यावर सामूहिक शिस्त मोडल्याचा ठपका ठेवण्यात आला. आता, एकट्या माणसाला काढणं बरं दिसत नव्हतं. पक्ष माणसांशी भांडत नाही, प्रवृत्तींशी भांडतो. म्हणून त्याला गट म्हटलं. चिटणीस डिलिस होती. बारा पानं तिने दोन रात्रींत लिहिली.

"पत्रकात लिहिलंय की या गटाचा बुद्धिवाद माणुसकीशून्य होता," हेस्टर म्हणाली. ती आठवण करून देत होती, टोमणा मारत नव्हती. डिलिसला तो फरक आता कळत होता.

"लिहिलंय खरं." डिलिस उठून खुर्चीत बसली. "तुझ्या त्या टपालवाल्याचं पुस्तक मी तीनदा बंद केलं. दर दहा पानांनी क्लिफर्ड भेटत होता. तो तुमच्यातला होता का, सांग ना. तुला कळत असेल."

"मला सांगता येणार नाही. मी त्यांना भेटलेले नाही. आणि भेटले असते तरी ते त्यांनी ठरवायचं."

डिलिसने मान हलवली. मग तिचा आवाज चढला. बैठकीत तिचा आवाज असा चढला की दुकानाच्या काचा थरथरायच्या, असं कायोडे म्हणे. ती म्हणाली की आपण आयुष्यभर कारखानदाराला विचारत आलो, कामाचे तास कोणी ठरवले, वेग कोणी ठरवला. पण त्या वेगाला पुरा पडणारा माणूस म्हणजेच धड माणूस, हे कोणी ठरवलं, ते विचारलंच नाही. उलट मालकाचं तेच माप उचलून आपल्या बैठकीत आणलं आणि त्यात न बसणाऱ्याला बाहेर काढलं. याहून मोठा राजकीय प्रश्न दुसरा कोणता? आणि तो आपण दातांच्या शेजारी ठेवलाय.

"म्हणजे मूठ मागे?" जोरीने लेखणी सरसावली.

"मूठ मागे. आणि पुन्हा मूठ वर."

हेस्टरला समजेना.

"अर्धं कपाट?" डिलिस म्हणाली. "अर्धं म्हणजे भीक. ठराव दुबळा आहे. पूर्ण कपाट घेत असलीस तर हात हलवते, नाहीतर माझा विरोध."

"पण पुस्तकं अर्ध्या कपाटाचीच आहेत. मी मोजली आहेत."

"मग आणखी मागव."

"आणि पत्रकं?"

"त्यांचा हा बघ सारांश," डिलिसने जमिनीकडे हात केला. "हा भिंतीवर लाव. लोक पहिल्यांदाच वाचतील."

नियम नऊप्रमाणे आणखी अठ्ठावीस दिवस लागू होतात का, यावर हेस्टरने क्षणभर विचार केला. पण कायोडेने तिची नियमावली प्रेमाने बंद केली, आणि मग तडजोड झाली: दोन तृतीयांश कपाट. आठ हात वर गेले, चाळीस बोटं हलली. हेस्टरच्या हातांनी थांबायला थोडा जास्त वेळ घेतला. इतिवृत्तात जोरीने दोन्ही नोंदी केल्या, संमती आणि आनंद.

क्लिफर्ड स्टॅनिफोर्थ हयात होता, रॉदरहॅमला राहत होता. डिलिसने फोन केला नाही. त्याला फोन कधीच सोसत नसे. पत्र लिहिलं. आठ दिवसांनी पोस्टकार्ड आलं. त्यावर तीन वाक्यं होती. काढून टाकण्याच्या बैठकीला पत्रकात म्हटल्याप्रमाणे अकरा नव्हे, नऊ जण हजर होते. वृक्ष पाहायला आवडेल. शनिवारी साडेदहाला येतो.

शनिवारी साडेदहाला तो आला. उंच, वाकलेला, शहात्तर वर्षांचा माणूस, डोक्यावर लोकरी टोपी आणि टोपीवर कानझाकणं. चौघं त्या वेळी तळघरातली पुस्तकं वर आणत होते. हातोहात, जिन्यावर एकेक जण उभं राहून. त्याने कोणाला नमस्कार-चमत्कार केला नाही. सरळ भिंतीपाशी गेला आणि डावीकडून उजवीकडे पूर्ण वृक्ष वाचला. पस्तीस मिनिटं लागली. दोन तारखा दुरुस्त केल्या. मग स्वतःच्या फांदीपाशी थांबून त्याने हेस्टरला विचारलं, "हे तुम्ही काढलंत?"

"हो."

"फार चांगलं आहे. प्रमाण सगळीकडे सारखं ठेवलंय."

हेस्टरला आजवर मिळालेली ही सर्वांत मोठी शाबासकी होती, आणि तिचे हात पुस्तकांनी भरलेले असल्यामुळे ती नुसती टाचांवर वरखाली झाली. तोही थोडासा झाला.

डिलिस चहाचा कप आणि घरी केलेले बेदाण्यांचे वेल्श केक घेऊन पुढे आली. रात्रभर घोकलेलं वाक्य तिने म्हणून टाकलं: क्लिफर्ड, माझं चुकलं, मी माफी मागते.

तो केककडे बघत विचार करत होता. मग म्हणाला, "माफी वैयक्तिक झाली. काढलं ठरावाने होतं. ठराव मागे घ्यायला बैठक लागते. हयात सभासदांपैकी निम्मे हजर हवेत."

"हयात मी एकटीच आहे रे. विल्फ मागच्या वर्षी गेला."

"मग एकातला एक. गणसंख्या पुरी आहे. अनुमोदक मात्र लागेल."

संघ कधी विसर्जित झालाच नव्हता. विसर्जनाच्या बैठकीलाच पुरेशी माणसं आली नव्हती. म्हणजे डिलिस प्रोबर्ट हाच संपूर्ण पक्ष होता, आणि त्याला अनुमोदक नव्हता. कायोडे म्हणाला मी होतो सभासद, कुठे सही करू. "न वाचता?" हेस्टर आणि क्लिफर्ड एकदमच म्हणाले. जोरीने तत्त्व म्हणून नकार दिला; ती कुठल्याच पक्षात जाणार नव्हती, तो एका बाईचा असला तरी.

सगळ्यांच्या नजरा हेस्टरवर आल्या. तिने पुस्तकं खाली ठेवली.

"संघाचा कार्यक्रम मी पत्रकांत वाचलाय," ती म्हणाली. "अडतीस मागण्या आहेत. एकतीस मला मान्य आहेत. सात नाहीत. खोटी सही मी करणार नाही."

"आमच्या काळी एका आक्षेपाला हाकलायचो आम्ही," डिलिस म्हणाली. ती हसत होती आणि डोळेही पुसत होती. "सात लिहून दे. सातांसकट घेतलं तुला. ठराव मंजूर, हात हलवणारी मीच आहे."

हेस्टरने सात आक्षेप क्रमवार लिहिले, त्याला वीस मिनिटं लागली, आणि कोणी तिला घाई केली नाही. मग डिलिसने ठराव मांडला, हेस्टरने अनुमोदन दिलं, दोघींनी हात वर करून बोटं हलवली, आणि जोरीने, पक्षाबाहेरची निरीक्षक म्हणून, वेळ नोंदली: अकरा वाजून पन्नास मिनिटं.

क्लिफर्डने तो कागद वाचला, घडी घातली आणि खिशात ठेवला. एक केक खाल्ला. मग तो नव्या कपाटाकडे वळला. अर्धीच पुस्तकं लावून झाली होती. सर्वांत खालच्या फळीवरून त्याने टपालवाल्याचं आत्मचरित्र काढलं, कपाटाला पाठ टेकून जमिनीवर बसला आणि वाचू लागला. गिऱ्हाइकं येऊ लागली. ती त्याच्या पायांवरून अलगद ओलांडून जात, वाकून वरच्या फळ्या बघत, आणि हेस्टरला कोणालाही जिना दाखवावा लागला नाही.

साडेपाचला जोरीने शटरची काठी उचलली आणि डिलिसला विचारलं, आता त्यांना उठवू का.

"खबरदार," डिलिस म्हणाली आणि पुन्हा चहाचं आधण ठेवायला गेली. "तीन सभासद आहेत. तो उठला तर आमची गणसंख्या ढासळेल."

"ढासळणार नाही," कपाटाच्या दोन्ही बाजूंनी एकदमच दुरुस्ती आली. "तिघांतले दोघे पुरतात."

पण उठलं कोणीच नाही.